हशासाठी सोडलेली जागा

हशा आला नाही. यायला हवा होता. त्याच्यासाठी पडद्यावर जागा राखून ठेवलेली होती, दार उघडे ठेवून पाहुण्याची वाट पाहावी तशी. आणि पाहुणा फिरकलाच नाही. शेवटच्या रांगेत, भिंतीकडच्या खुर्चीत बसलेला संकलक दचकला. जिना उतरताना अजून एक पायरी उरली आहे अशा समजुतीने पाऊल टाकावे आणि ते सपाट जमिनीवर आदळावे, तसा तो धक्का होता: इजा काही नाही, पण आपण कुठे उभे आहोत हे सगळ्या देहाला क्षणभर कळेनासे होते. समोरच्या अंधारात बसलेली माणसे परकी होती. चित्रपट पुरा होण्याआधी तो लोकांना कसा वाटतो हे अजमावण्यासाठी निर्मात्याने त्यांना फुकट बोलावले होते, आणि आतापर्यंत त्यांनी त्या बोलावण्याचे चीज केले होते. त्यांचे खिदळून झाले होते, खुर्च्यांचे हात बडवून झाले होते; एका जाड्या गृहस्थाला तर ठसका लागून बाहेर जावे लागले होते. तीच माणसे आता एकाएकी गप्प होती. कंटाळून गप्प नव्हती. कंटाळ्याचा आवाज संकलकाला ओळखू येई, त्यात खुर्च्या कुरकुरतात आणि पाय हलतात. इथे काहीच हलत नव्हते. पडद्यावरच्या एका माणसाच्या चेहऱ्याचा उजेड तेवढा सगळ्यांच्या चेहऱ्यांवर पडला होता, आणि खोल पाण्यात बसल्यासारखी ती सगळी निळसर दिसत होती.

विनोदी चित्रपट जोडणाऱ्याला एक पथ्य पाळावे लागते. ज्या वाक्याला लोक हसतील त्या वाक्यामागे थोडी मोकळी जागा सोडायची, नाहीतर पुढचे वाक्य हशात बुडते आणि त्याच्याबरोबर पुढचा विनोदही. जागा कमी पडली तर शब्द वाया जातात; जास्त झाली तर हशा विझतो आणि पडदा उघडा पडतो. आणि ज्या हशाची जागा बंद खोलीत एकट्याने बसून मापायची, तो हशा त्या वेळी जगात जन्मलेलाही नसतो. या कामात संकलकाचा हात कोणी धरू शकत नसे. 'ह्यांना दुसऱ्याचं हसू आधीच ऐकू येतं,' असे धंद्यातले लोक म्हणत, आणि तो ते ऐकून मान हलवी, कोणी आपल्या उंचीची वाखाणणी करावी आणि त्यात आपले कर्तृत्व काहीच नसावे, तशी. त्याचे प्रेम दुसरीकडे होते. ज्या चित्रपटांत खिडकीसुद्धा कारणावाचून उघडत नाही, त्या जुन्या, संथ, नेटक्या चित्रपटांचा तो भक्त होता, आणि त्यांच्या बाजूने तो कोणाशीही, कितीही वेळ वाद घालू शके. हा चित्रपट त्याने काम म्हणून घेतला होता. हा चित्रपट चावट होता, आणि त्याबद्दल त्याला कसलाच संकोच नव्हता. व्यायामशाळेतला एक मास्तर, छाती पुढे काढून चालणारा, आपल्या पुरुषार्थाच्या कहाण्या सांगून गावभर मिरवणारा. त्याच्या नेमक्या त्याच ठिकाणी दुखणे उपटते आणि मग जवळच्या मित्राला बरोबर घेऊन तो दवाखान्यांच्या पायऱ्या झिजवतो, एवढीच कथा. पहिल्या अर्ध्या तासात इतक्या वेळा विजारी सुटत की संकलकाला आपण शिंप्याच्या दुकानात बसलो आहोत असे वाटे.

गप्पगार झालेला प्रसंग असा होता. डॉक्टरीणबाई मास्तरला कपडे काढायला सांगतात; तो म्हणतो, 'एवढ्यात? अजून नीट ओळख तरी कुठे झालीय आपली?' आणि लोक फुटतात. मग तो पाठीमागून उघडा असलेला दवाखान्यातला झगा घालून येतो, फेऱ्या मारतो, लोक पुन्हा फुटतात. डॉक्टरीणबाई बाहेर जातात. मास्तर एका हाताने झग्याच्या दोन कडा मागे धरून मित्राकडे वळतो आणि विचारतो, 'दिसतंय का रे काही, मागून?' संकलकाला या वाक्यावर हशा ऐकू आला होता, चांगला दणदणीत. म्हणून त्याने वाक्यामागे भरपूर जागा सोडली, आणि ती भरायला त्या चित्रणाचे शेपूट वापरले. चित्रण चालू असताना दिग्दर्शिका इतकी हसत होती की 'थांबा' म्हणायचे ती विसरली, आणि कॅमेरा बंद झाला असे समजून नट तसाच उभा राहिला. अभिनय संपला होता. झगा मात्र त्याने अजून मुठीत धरलेला होता. त्याचा चेहरा हळूहळू सैल होत गेला, दिवसभर ओढून धरलेले पोट घरी आल्यावर सोडावे तसा, आणि त्या सैल चेहऱ्यात एक ओशाळे, दमलेले, कोणाचेच नसलेले काहीतरी वर आले. हशाच्या गदारोळात हे कोण पाहणार, म्हणून संकलकाने ते तिथे ठेवले. हशा आला नाही, म्हणून सगळ्यांनी पाहिले. मग मित्र म्हणाला, 'नाही रे. काही दिसत नाही.' आणि अंधारातून एक आवाज उठला, जो हसण्याचा नव्हता आणि सुस्काऱ्याचाही नव्हता; पुष्कळ माणसांनी एकाच वेळी हातातले ओझे खाली ठेवावे तसा काहीसा.

पण संकलकाला बसलेला धक्का निराळाच होता. तो चेहरा त्याला ओळखीचा वाटला होता. तो त्याच्या थोरल्या भावाचा, दादाचा होता. नाकडोळे अर्थातच दुसरे, पण तो चेहरा दादाचा. आणि त्याच क्षणी त्याच्या हेही ध्यानात आले की दादाचा असा चेहरा त्याने आयुष्यात कधी पाहिलेला नाही. न पाहिलेला चेहरा ओळखू कसा येतो, हा प्रश्न तर्काला धरून होता, आणि एरवी तो त्याच्याशी झटापट करत बसला असता. पण दिवे लागले.

"सगळं झकास!" निर्माता व्हरांड्यात त्याचा दंड धरून म्हणाला. त्याला सगळे शेठ म्हणत. "फक्त त्या झग्याच्या सीनला थिएटर मेलं हो. काय झालं होतं तुम्हाला तिथं? डुलकी लागली होती का?"

"हशासाठी जागा सोडली होती."

"मग हशा कुठाय?"

"नाही आला."

"नाही आला ना? मग जागा बंद करा. त्यानं विचारलं की ह्यानं लगेच सांगायचं. दिसतंय का, नाही दिसत. टाळी! आमच्या शेजाऱ्याच्या पोराला पण कळतं हे."

"तिथं मला रडू आलं," दिग्दर्शिका म्हणाली. ती बुटकी, जाड भिंगांचा चष्मा लावणारी बाई होती, आणि चित्रपटातले सगळ्यांत अचकट वाक्य तिने स्वतः लिहिलेले होते.

"बाई, तुमचं रडू बघायला लोक तिकीट काढणार नाहीत. लोक चड्डीसाठी येणार आहेत."

"येऊ देत ना चड्डीसाठी. चड्डीच्या आत माणूस सापडला तर तुमचं काय गेलं?"

"माझं गिऱ्हाईक गेलं! तुम्ही सांगा हो," शेठ संकलकाकडे वळला. "तुम्ही कधी चुकत नाही."

"इथं चुकलोय," संकलक म्हणाला.

"झालं तर मग. संध्याकाळपर्यंत दुरुस्त करा."

बाईने त्याच्याकडे अशा नजरेने पाहिले की त्याला आपला चष्मा पुसावासा वाटला. वादात शेठची बाजू पक्की होती, हे त्याला कळत होते. जागा मिटवली की प्रश्न आणि उत्तर एकमेकांवर टाळीसारखे वाजणार होते आणि लोक हसणार होते, यात त्याला तिळमात्र शंका नव्हती. त्याच्या आवडत्या जुन्या आचार्यांचे शास्त्रही शेठकडेच झुकत होते: जे कशाच्याही उपयोगी नाही ते काढावे. तो नटाचा चेहरा कशाच्या उपयोगी होता? त्याने कथा पुढे सरकत नव्हती, तो नटाने दिलेलाही नव्हता. तो सांडलेला होता. पण तो काढला की मित्राचे 'काही दिसत नाही' म्हणजे नुसता परत फेकलेला चेंडू होणार, आणि तो राहिला की तेच वाक्य एक थाप होणार, एका माणसाने दुसऱ्याला पांघरूण घालावे तशी घातलेली. सबंध चावटपणाच्या खाली एवढे एकच वाक्य होते, आणि ते त्याच्या चुकीमुळे ऐकू आले होते. चुकीच्या बाजूने वाद कसा घालायचा, हे त्याला कोणी शिकवले नव्हते.

खिशात फोन थरथरला तेव्हा तो अजून व्हरांड्यातच होता. वहिनी होती.

"भावोजी, कामात आहात का? डॉक्टरांचा पुन्हा फोन आला होता. पुढच्या आठवड्यातली ऑपरेशनची वेळ धरून ठेवलीय म्हणाले, पण आज हो की नाही ते सांगा, नाहीतर दुसऱ्याला देतो. आणि ह्यांचं काय, तर म्हणे देऊन टाका दुसऱ्याला, त्या बिचाऱ्याची जास्त दुखत असेल."

"मी बोलतो त्याच्याशी."

"मागच्या वेळी पण बोललात. त्याच्या मागच्या वेळी पण." वहिनीच्या आवाजात राग नव्हता, नुसता थकवा होता. "ती गाठ वाढतेय, भावोजी. डॉक्टर म्हणतात, आत्ता काढली तर तिथल्या तिथे मिटेल. अजून थांबलात तर मग मी काही सांगू शकत नाही."

"माझ्यासमोर तो विनोदच करत सुटतो, वहिनी."

"सगळ्यांसमोरच करतात. मला हसू येत नाही म्हणून माझ्यासमोरून उठून जातात. तुम्ही हसता, म्हणून तुमच्याजवळ बसतात."

हे तिने सहज म्हटले, टोचायचे म्हणून नाही. त्यामुळेच ते लागले.

तो चालत निघाला. दुपार टळत होती. रस्त्याच्या एका बाजूची घरे सावलीत आणि दुसऱ्या बाजूची इतक्या पांढऱ्या उन्हात होती की त्यांच्या खिडक्या पुसून टाकल्यासारख्या वाटत. दुकानांच्या काचांतून त्याचे प्रतिबिंब त्याच्याबरोबर चालत होते, मधेच एखाद्या दारापाशी नाहीसे होत होते, पुढच्या काचेत पुन्हा हजर होत होते. आणि प्रत्येक वेळी ते थोडे दुसऱ्याच कोणाचे तरी वाटे. त्याला ओल्या फरश्यांचा वास आला. रस्ता कोरडा ठणठणीत होता, पण तो वास त्याच्या ओळखीचा होता, आणि तो कुठून आला हे त्याला न वळताही कळले. त्याचे वडील सार्वजनिक पोहण्याच्या तलावावर नोकरीला होते, पुरुषांच्या कपडे बदलण्याच्या खोलीत. पंचे द्यायचे, किल्ल्या सांभाळायच्या, फरशी कोरडी ठेवायची. आई फार लवकर गेली, आणि शाळा सुटल्यावर दोघा भावांनी जायचे कुठे, तर तिथेच. त्या खोलीला वर निळ्या काचेची एक पट्टी होती. तिच्यातून येणाऱ्या उजेडात सगळी माणसे एकाच मातीची वाटत, मोठी पोटे, लोंबणारे दंड, पाठीवरचे केस, पाणी निथळणारे आणि मोठ्याने बोलणारे देह. वडील त्या सगळ्यांमध्ये गळ्यापर्यंत बटणे लावून उभे असत. त्यांना उघड्या अंगाने त्याने कधीच पाहिले नाही. घरीसुद्धा ते दार लावून कपडे बदलत, आणि मुलांशी बोलत ते किल्ल्यांबद्दल.

एकदा त्या खोलीत मोठ्या मुलांनी त्याला घेरले होते. तो तेव्हा इतका काडीसारखा होता की ओली चड्डी त्याच्या कमरेवर राहत नसे, आणि त्या दिवशी ती राहिली नाही. कोणीतरी बोट दाखवले. कोणीतरी म्हणाले, 'अरे, हे तर विसरूनच आलंय घरी!' निळ्या उजेडात ते हसू फरश्यांवर आपटून मोठे मोठे होत गेले, आणि तो त्याच्या मधोमध दोन्ही हात पुढे धरून उभा होता, आणि वडील दाराशी, पाठ करून, पंच्यांच्या घड्या घालत होते. तेव्हा दादा बाकावर चढला. त्याने आपला पंचा सोडून डोक्याला फेट्यासारखा गुंडाळला आणि त्या अवस्थेत, एक हात कमरेवर ठेवून, लवाजम्यासह निघालेल्या राजासारखा, बाकावरून या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत गेला. 'प्रजाजनहो,' तो ओरडला, 'आमच्या राज्यात हे असं मोठं फक्त राजाचंच असतं! बाकीच्यांना माफी!' सगळी खोली दादाकडे वळली. कोणाला त्या काडीची आठवण राहिली नाही. मुले लोळली, म्हातारे लोळले, आणि तोही हसला, सुटल्याच्या आनंदाने, डोळ्यांतले पाणी न पुसता, सगळ्यांपेक्षा मोठ्याने. त्या हसण्यातच तो अडकला असावा, असे त्याला आता वाटले. दादा जन्मभर त्या बाकावर चालत राहिला. लग्नात, दुकानात, वडिलांच्या आजारपणात. आणि खाली उभा राहून तो वेळेवर हसत राहिला. इतक्या वेळेवर, की दोन विनोदांच्या मधल्या जागेत दादाचा चेहरा कसा होतो, हे पाहण्याची पाळीच आली नाही. दुसऱ्याचे हसू आधी ऐकू येण्याची विद्या त्याने कुठल्या शाळेत कमावली होती, ते आज त्याला कळले, आणि कळून बरे वाटले नाही.

दादाचे गाद्यांचे दुकान लांबट आणि अरुंद होते. भिंतींना टेकून उभ्या केलेल्या गाद्यांमुळे आत शिरले की बाहेरचा आवाज एकदम बंद पडे, कोणी तोंडावर उशी ठेवावी तसा. जोडपे गादी घ्यायला आले की दादा त्यांना हटकून झोपायला लावी, आणि ती दोघे लाजत शेजारी शेजारी पडली की असे काही बोले की बाई पदर किंवा पर्स तोंडाला लावी आणि पुरुष गादी विकत घेई. त्या विनोदांवर दुकान चालले होते. आता दुपारी दुकानात कोणी नव्हते. मधल्या रुंद गादीवर, प्लास्टिकचे आवरण तसेच ठेवून, दादा उताणा पडला होता. स्टुलावर बसणे त्याला हल्ली सोसत नसे.

"या, कलावंत!" तो पडल्यापडल्या म्हणाला. "झाला का सिनेमा? किती जण उघडे?"

"एकच. तोही मागून."

"फक्त मागून? अरे, फसवणूक आहे ही. पैसे परत द्या लोकांना."

संकलक हसला, ते हसू खरे होते आणि त्याबद्दल त्याला वाईट वाटले नाही. तो बूट काढून दादाच्या शेजारी पडला. प्लास्टिक दोघांच्या खाली चुरचुरले. वर पंखा फिरत होता, इतका संथ की त्याची पाती मोजता येत होती आणि तरीही कुठले पाते कुठले ते कळत नव्हते.

"नवी आलीय ही," दादा म्हणाला. "कंपनी म्हणते पाठीला आधार देते. मी म्हटलं, पाठीचं राहू दे, पोटाखालच्याला कोण आधार देणार?"

"वहिनीचा फोन होता."

"असणारच. तिला सांगितलंय मी, एक नग कमी झाला म्हणून काही दुकान बंद होत नाही. पण तू दुसरीचा विचार कर, छोट्या. जन्मापासून जोडीनं राहिलेली. एकटी पडेल रे बिचारी. दोन शब्द बोलायलासुद्धा कोणी उरणार नाही तिला."

आणि तिथे ती जागा होती. ती कुठे सुरू होते आणि कुठवर जाते हे संकलकाला डोळे मिटूनही सांगता आले असते. त्याच्या घशाला ते ठाऊक होते, बरगड्यांना ठाऊक होते. शिंक यावी तसे हसू नाकापर्यंत आले, कारण विनोद चांगला होता, दादाचे विनोद नेहमीच चांगले असत. त्याने ओठ मिटून घेतले. एवढीशी गोष्ट, पण सगळ्या अंगाने नको म्हटले. घरात पाऊल टाकणाऱ्या माणसाच्या तोंडावर दार लावावे तसे त्याला वाटले. पंखा फिरत होता. बाहेर एक गाडी आली आणि गेली. मग दादाने मान वळवली, हसू का आले नाही ते पाहायला, आणि संकलकानेही वळवली. आणि हातभर अंतरावर, प्लास्टिकच्या चकाकीत, तो चेहरा होता. पडद्यावर त्याने तो ओळखला होता. आता तो फक्त पाहिला.

"काय रे? नाही आवडला?"

"चांगला आहे."

"मग?"

खिशात शेठचा फोन थरथरू लागला. संकलकाने न पाहताच तो बंद केला. चित्रपटातली ती जागा आता तशीच राहणार होती, आणि तिच्यासाठी शेठशी जो वाद घालायचा तो संध्याकाळी घालता आला असता.

"बाहेर कोणी आलंय का बघ," दादा म्हणाला.

"कोणी नाही."

गाद्यांच्या त्या बिळात वेळेलाही आवाज नव्हता. दादा बोलू लागला तेव्हा त्याचा आवाज इतका साधा होता की संकलकाला क्षणभर दुकानात तिसरे कोणी असल्याचा भास झाला.

"अंघोळीच्या वेळी हात लावून बघतो मी. रोज. वाटतं, आज नसेल. डॉक्टर कोवळा पोरगा आहे. म्हणतो, काका, काहीही फरक पडत नाही. त्याला कसं रे माहीत? त्याची दोन्ही जागच्या जागी आहेत."

हे वाक्य विनोदासारखे दिसत होते. पण दादा हसत नव्हता, वाट पाहत नव्हता. त्याने वर पंख्याकडे पाहत ते नुसते ठेवून दिले होते.

"पडेल का रे फरक?"

चित्रपटातला मित्र 'काही दिसत नाही' म्हणाला होता. तीच थाप, तितक्याच मायेची, संकलकाच्या जिभेवर आली. ती सोपी होती आणि वाईटही नव्हती. पण दादाने आजवर सगळ्यांना तीच थाप मारली होती, उघड्या अंगाने बाकावर चालत. तीच परत त्याला द्यायची?

"माहीत नाही," तो म्हणाला.

"माहीत नाही म्हणतोस?"

"मला कसं माहीत असणार, दादा?"

दादाने छाती भरून श्वास घेतला; प्लास्टिक हलले. "बरं वाटलं बघ. सगळे मेले खात्रीच देतात. तुझी वहिनीसुद्धा. एवढ्या खात्रीच्या लोकांत घाबरायचं कुणी?"

"भीती वाटते?"

"हो."

तेवढेच. 'हो' हा शब्द त्याने दादाच्या तोंडून हजारदा ऐकला असेल. पण काही लावून न सजवलेला तो पहिल्यांदाच ऐकला. त्यांचे हात प्लास्टिकवर शेजारी पडले होते, पाठीला पाठ लावून, आणि दोघांनीही आपला हात काढून घेतला नाही. दादाच्या कानाच्या पाळीपर्यंत पाणी ओघळले होते, आणि ते पुसायला त्याला काही सुचत नव्हते, किंवा गरज वाटत नव्हती.

दारात सावली पडली. एक जोडपे आत आले. कामाच्या कपड्यांतला, डोळे तांबारलेला एक तरुण, आणि त्याच्या हातातली पिशवी आपल्याकडे घेणारी त्याची बायको. गादीवर शेजारी शेजारी पडलेले दोन प्रौढ पुरुष पाहून ती दोघे दचकली. दादा कण्हत उठून बसला, बाहीने तोंड पुसले.

"या. दुकान चालूच आहे, आम्ही जरा पडलो होतो. बघा. पडून बघा."

"पडायला कशाला? हात लावून कळतं की," तरुण म्हणाला.

"अहो, पडा ना, ते सांगतायत तर," बायको म्हणाली.

तरुण संकोचाने भिंतीजवळच्या गादीवर आडवा झाला. इथे दादाचे ठरलेले वाक्य असे, साऱ्या बाजारपेठेला पाठ असलेले. संकलक ते ऐकायला तयार झाला. दादा काही बोलला नाही. तरुणाचे डोळे मिटताना पाहत उभा राहिला. ते सावकाश मिटले, पुन्हा उघडले, आणि मग मिटलेच. त्याचा जबडा सुटला. मूठ उलगडली. पाठीखालच्या मऊपणात तो कुठल्या कुठे उतरून गेला.

"अय्या! अहो, उठा!" बायको ओशाळून वाकली. "काय हे, लोकांच्या दुकानात! माफ करा हं काका, रात्रपाळीवरनं आलेत, मीच इकडे ओढत आणलं—"

दादाने ओठांवर बोट ठेवले. दारातून येणारे ऊन तरुणाच्या तोंडावर पडत होते. त्या उन्हात तो आडवा जाऊन उभा राहिला, पाय किंचित फाकवून, कारण आता त्याला तसेच उभे राहता येई. बायको पिशवी मांडीवर घेऊन कडेला टेकली. दुकानात त्या परक्या माणसाच्या श्वासाखेरीज आवाज उरला नाही. मग दादाने मागे न पाहता हात पुढे केला, आणि संकलकाला तो कशासाठी आहे हे समजायला थोडा वेळ लागला. त्याने दवाखान्याचा नंबर लावून फोन त्या हातात ठेवला.

"हॅलो," दादा तळहाताच्या आडून कुजबुजला. "मीच बोलतोय. हो." पलीकडून काहीतरी मोठ्याने विचारले गेले. "हो म्हणतोय मी. हो, धरा ती वेळ माझ्या नावावर." त्याने वळून झोपलेल्या तरुणाकडे पाहिले. "नाही हो, जोरात नाही बोलता येत. इथं एक माणूस झोपलाय."